हातावर पोट असलेला हिरो

रात्रीचे साडेनऊ वाजले असतील. मी ओट्यावर बसून सुपारी कातरत होतो, ही आत शेंगदाण्याच्या चटणीसाठी दाणे भाजत होती, आणि तेवढ्यात माडीवरून आमचा भाचा ओरडला, "मेलो! हात चालंना माझा!"

हिने गॅस बंद केला, हळदीचा डबा उचलला आणि पायऱ्या चढायला लागली. आमच्या घरात कापलं असो, मुका मार असो की लग्नातला रुसवा असो, पहिला उपाय हळद. मागून मी अडकित्ता हातात घेऊनच धावलो. वर जाऊन बघतो तर भाचा खुर्चीत ठणठणीत बसलेला. उजव्या हाताने तो माऊस असा बडवत होता की त्याखाली दाणे ठेवले असते तर चटणी आपोआप झाली असती.

"कोणता हात?" हिने विचारलं.

"हा नाही मामी, तो," भाच्याने स्क्रीनकडे बोट दाखवलं. तिथे एक दणकट गडी, अंगावर चिलखत, पाठीवर तलवार, नुसताच इकडून तिकडे फिरत होता. समोर शत्रू उभा, पण हा त्याला हात लावेना. "डिसार्म झालाय. हॅल्बर्ड मारला त्याला."

"कुणी?"

"एक पोरगा आहे. फिलिपाइन्सचा."

हिने हळदीचा डबा बंद केला. "फिलिपाइन्सच्या पोराने परभणीत येऊन हात बांधला, आणि तू त्याला काहीच म्हणाला नाहीस?"

"म्हणालो ना मामी, लई बोललो. बोलता येतं. मारताच येत नाही."

त्या रात्री मला झोप लागली नाही. बोलता येतं पण मारता येत नाही, ही अवस्था मी आयुष्यभर जगत आलो होतो. तिला इंग्रजीत नाव आहे हे मात्र मला वयाच्या अठ्ठावन्नाव्या वर्षी कळलं.

भाचा मूळचा मानवतचा. शिकायला आमच्याकडे, कृषी विद्यापीठात. १९७२ साली ते स्थापन झालं तेव्हा पोरांनी ज्वारी, कापूस आणि तुरीचा अभ्यास करावा अशी अपेक्षा होती. भाचा तोही करतो, पण दिवसा. रात्री तो डोटा २ खेळतो. दुसऱ्या दिवशी चहाच्या वेळी मी त्याला गाठलं आणि म्हणालो, "बाबा, मला हे डिसार्म प्रकरण शेतीच्या भाषेत समजावून सांग."

त्याने सांगितलं ते असं. हा खेळ अमेरिकेतल्या वॉल्व्ह कंपनीने २०१३ साली रीतसर बाजारात आणला. पाच जण इकडे, पाच जण तिकडे. दोन्ही टोकांना एकेक मोठी इमारत, मध्ये तीन वाटा. दुसऱ्याची इमारत आधी पाडेल तो जिंकला. निवडायला शंभराहून जास्त हिरो, आणि प्रत्येकाच्या कमाईच्या दोन तऱ्हा. एक म्हणजे जादू. ती मारायला अंगातली शक्ती खर्च होते, आणि एकदा मारली की पुन्हा मारण्यासाठी थांबावं लागतं. दुसरा साधा वार. शत्रूवर माऊसचं उजवं बटण दाबा, हिरो जातो आणि मारत राहतो. खर्च नाही, नवस नाही, मुहूर्त नाही.

"म्हणजे जादू ही सणाची पुरणपोळी," मी म्हणालो, "आणि साधा वार म्हणजे रोजची ज्वारीची भाकरी."

"बरोबर. आणि आपल्या टीममध्ये एक जण असा असतो की जो सगळा खेळ भाकरीवरच काढतो. त्याला कॅरी म्हणतात."

हा कॅरी सुरुवातीला एकदम गरीब. पहिली पंधरा-वीस मिनिटं तो वाटेवरच्या किरकोळ सैनिकांना मारून एकेक नाणं गोळा करतो. त्यातही गंमत अशी की सैनिकाला कितीही बदडा, शेवटचा घाव ज्याचा, पैसे त्याचे. हा नियम मला मुळीच नवीन वाटला नाही. चार महिने राबणारा एक आणि शेवटच्या दिवशी काटा मारून पैसे नेणारा दुसरा, हा खेळ मी मोंढ्यात चाळीस वर्षं बघतोय. अशी पै-पै जोडून कॅरी हत्यारं घेतो, आणि अर्ध्या तासानंतर त्याचा साधा वारच इतका जबर होतो की समोरचे बुरूज ढासळतात. त्याला वेगळी कला नाही, भाषण नाही, ओळखपाळख नाही. हात चालला तर पोट भरलं. मी म्हणालो, "अरे, हा तर हातावर पोट असलेला माणूस."

आणि नेमक्या याच माणसाला डिसार्म मारतात.

या खेळात माणसाला जायबंदी करायच्या तऱ्हा पुष्कळ आहेत. भाचा एकेक सांगत गेला आणि मला एकेक ओळखीची वाटत गेली. पहिली स्टन. हात, पाय, तोंड सगळं बंद. आडत्याने हातात दिलेल्या पट्टीवरचा कापसाचा भाव पहिल्यांदा वाचताना शेतकरी असतो तो. दुसरी रूट, म्हणजे पाय जमिनीला चिकटणं. हे समजायला काँप्युटर लागत नाही. जुलै महिन्यात आमच्या काळ्या रानात जीप घाला. इंजिन चालू, हॉर्न चालू, दिवे चालू, चाक तेवढं जागच्या जागी फिरतंय. तिसरी सायलेन्स. हात चालतो, पाय चालतो, पण मंत्र म्हणता येत नाही. ग्रामसभेत हिशेबाचा प्रश्न विचारायला कुणी उभं राहिलं की माइक बंद पडतो, तसं. चौथी हेक्स. यात शत्रू तुमचं सरळ जनावर करून टाकतो. शॅडो शामन नावाचा एक मांत्रिक तर कोंबडी करतो. मग ना मंत्र, ना वार, नुसतं तुरुतुरु पळायचं.

डिसार्म या सगळ्यांत वरवर सौम्य. चालता येतं, पळता येतं, जादू असेल तर मारता येते. फक्त हात उचलून साधा वार करता येत नाही. तेही चार-पाच सेकंदच. मी म्हणालो, "एवढंच? मग एवढी बोंब कामून मारलीस?"

भाच्याने माझ्याकडे दयेने पाहिलं. "मामा, ज्याच्याकडं दहा जादू आहेत त्याला डिसार्म केलं तर त्याला पत्तासुद्धा लागत नाही. तो बोलतोय, मंत्र मारतोय, मजेत आहे. कॅरीला केलं तर कॅरी नुसता पुतळा. शिक्षा सगळ्यांना सारखी, पण भोगतो एकच."

मी चहाचा कप खाली ठेवला. भारतीय दंडविधानापासून पंचायत राजपर्यंत मी पुष्कळ वाचलं आहे, पण इतकं नेमकं वाक्य त्यात कुठे नव्हतं.

आता या डिसार्ममुळे सगळा खेळ कसा वाकडा होतो ते बघा. हॅल्बर्ड म्हणजे मुळात युरोपातलं जुनं हत्यार, लांब काठीला भाला आणि कुऱ्हाड एकत्र बसवलेली. व्हॅटिकनचे पहारेकरी अजून तो घेऊन उभे असतात. खेळातला स्वर्गातला हॅल्बर्ड मात्र मारण्यापेक्षा दुसऱ्याचं मारणं बंद पाडायला विकत घेतात. समोरचा कॅरी अर्धा तास राबून गब्बर झाला की आपल्यातला एक जण गुपचूप हॅल्बर्ड घेतो. मोठी लढाई जुंपते ती दहा-पंधरा सेकंदांची. त्यातले चार-पाच सेकंद कॅरीचा हात बांधला की त्याची अर्ध्या तासाची कमाई पाण्यात. वर आणखी एक बारकावा: जवळून मारणाऱ्यापेक्षा दुरून बाण सोडणाऱ्याचा हात जास्त वेळ बांधला जातो. हा नियम मला फार आवडला. आमच्याकडे पुण्यात बसून फोनवर सोयाबीन पिकवणारे बरेच आहेत. रेंज गेली की त्यांचा हात गड्यापेक्षा जास्त वेळ बांधला जातो.

यावर उतारा म्हणजे ब्लॅक किंग बार नावाची वस्तू. तो दाबला की काही सेकंद बहुतेक जादू अंगाला लागत नाही. पण तो वारंवार वापरला की त्याचा असर कमी कमी होत जातो, आजीच्या मयताला सुटी मागण्यासारखा. दुसऱ्या वेळी साहेब विचारतातच, "किती आज्या?" म्हणून खरा खेळ असा होतो: कॅरी वाट बघतो की हॅल्बर्डवाला आधी हॅल्बर्ड मारील, हॅल्बर्डवाला वाट बघतो की कॅरी आधी बार दाबील. दोघंही समोरासमोर उभे, आणि कुणी काहीच करत नाही. आमच्या भावकीत बांधाचा वाद अशाच अवस्थेत १९९१ पासून उभा आहे.

शहाणी टीम तर खेळ सुरू होण्याआधीच विचार करते. पाचही हिरो साधा वार करणारे घेतले आणि समोर इनव्होकर नावाचा मांत्रिक आला तर तो एका डरकाळीत समोर सापडलेल्या सगळ्यांना मागे ढकलतो आणि त्यांचे हातही बांधतो. म्हणून पाचांत दोघं तरी तोंडावर जगणारे हवेत. लीग ऑफ लेजंड्स हा डोटाचा चुलतभाऊ २००९ साली आला. त्याच्या कर्त्यांनी डिसार्मचं हे औषध चिमटीनेच वापरलं. लुलू नावाची परी शत्रूला चिटुकलं जनावर करते तेव्हा हातही जातात आणि मंत्रही. अमुमू नावाची एक रडकी ममी पूर्वी आसपासच्या सगळ्यांचे हातपाय बांधायची, पण जादू चालू ठेवायची. म्हणजे तिथेही मजुरांची पंचाईत आणि मांत्रिकांची चैन.

"हे सगळं ठीक आहे," मी मामाच्या अधिकाराने म्हणालो, "पण याने पोट भरतं का?"

भाचा याच प्रश्नाची वाट बघत होता. त्याने लगेच ब्लॅक किंग बार दाबला. "मामा, या खेळाची पहिली मोठी जागतिक स्पर्धा २०११ साली झाली. जिंकणाऱ्या युक्रेनच्या टीमला दहा लाख डॉलर मिळाले. २०२१ साली एकूण बक्षिसं चार कोटी डॉलरच्या वर गेली. २०२२ साली बर्मिंगहॅमला राष्ट्रकुल ई-स्पोर्ट्समध्ये भारताच्या डोटा टीमने ब्रॉंझ आणलं. आणि ती पहिली स्पर्धा कुठं झाली माहितीय? कोलोनला. जर्मनीत."

पुढे बोलायला माझ्यापाशी काही उरलं नाही. 'जगात जर्मनी, भारतात परभणी' हे ज्याने छाती फुगवून पन्नास वर्षं म्हटलंय, त्याला जर्मनीचा दाखला दिल्यावर तो काय बोलणार? मी 'बनी तो बनी, नहीं तो परभणी' असं काहीतरी पुटपुटलो, पण त्यात जोर नव्हता. हाच तो सायलेन्स.

तरी मी एक खडा टाकलाच. सरकारनेही या पोरांना डिसार्म केलेलं आहे. २०२० च्या सप्टेंबरात पब्जी बंद झाला तेव्हा आमच्या गल्लीत दोन दिवस सुतक होतं. २०२२ च्या फेब्रुवारीत फ्री फायर गेला, जुलैत पब्जीचा देशी अवतार गेला, पुढच्या वर्षी तो परत आला. २०२५ साली कायदा आला, त्याने पैसे लावून खेळायचे ऑनलाइन खेळ बंद केले आणि ई-स्पोर्ट्सला मात्र मान्यता दिली. प्रत्येक वेळी पोरांची बोटं शाबूत होती, मोबाईल शाबूत होता, बोलणंही अखंड चालू होतं. फक्त वार होत नव्हता.

त्यानंतर मला डिसार्म सगळीकडे दिसायला लागला. पहिल्यांदा दिसला महाभारतात. आपले पूर्वज या खेळात वॉल्व्हच्या फार पुढे होते. कर्णाचंच बघा. ऐन लढाईत रथाचं चाक जमिनीत रुतलं, हा रूट. परशुरामाच्या शापाने अस्त्राचा मंत्र आठवेना, हा सायलेन्स. कवचकुंडलं आधीच दान केलेली, म्हणजे चिलखत शून्य. एका माणसावर एकाच वेळी इतके परिणाम लावणं डोटातसुद्धा वाईट समजतात.

खरा डिसार्म मात्र द्रोणपर्वात आहे. बाप मारला गेल्यावर अश्वत्थाम्याने नारायणास्त्र सोडलं. त्याची खोड अशी की जो हत्यार उचलून सामना करील त्याच्यावर ते दुप्पट जोराने येतं. कृष्णाने सगळ्या सैन्याला सांगितलं: हत्यारं खाली ठेवा, रथावरून उतरा. सगळ्यांनी ठेवली. भीमाने नाही. भीम हा मूळचा राइट क्लिक. हात बांधून उभं राहणं त्याला कुणी शिकवलंच नव्हतं. शेवटी कृष्ण आणि अर्जुन दोघांनी त्याला रथावरून ओढून खाली घेतलं, तेव्हा तो वाचला. दुर्योधन म्हणाला, पुन्हा सोड ते अस्त्र. अश्वत्थामा म्हणाला, ते दुसऱ्यांदा सोडता येत नाही. म्हणजे पुन्हा वापरायची वाट बघण्याचा काळ: अनंत.

पण सगळ्यांत जबर डिसार्म कृष्णाने स्वतःवरच लावून घेतला होता. 'हाती शस्त्र धरणार नाही.' अठरा दिवस साधा वार नाही. भीष्मांनी फारच छळलं तेव्हा दोनदा तो धावून गेला, पण दोन्ही वेळा अर्जुनाने पाय धरून त्याला परत आणला. एवढं सोडलं तर घोडे हाकले, तोंड चालवलं, आणि अख्खं युद्ध जिंकून दिलं. त्या दिवशी मला भाच्याचं म्हणणं पूर्ण पटलं. ज्याला बोलता येतं त्याचं डिसार्मने काही बिघडत नाही.

आमच्याकडे तर डिसार्मचे सणसुद्धा आहेत. खंडेनवमीला हत्यारं पुसून, कुंकू लावून, झेंडूची फुलं वाहून देवापुढे ठेवायची. त्या दिवशी सुताराची करवत चालत नाही, शिंप्याची मशीन चालत नाही. आमच्या गल्लीतला एक मेकॅनिक पान्यांना हार घालतो आणि म्हणतो, "आज गाडी बंद पडली तर ढकलत न्या, औजारं देवाजवळ बसलीत." पोळ्याला बैलाच्या खांद्यावर जू ठेवत नाहीत. आदल्या संध्याकाळी खांद्याला लोणी-हळद चोळायची, दुसऱ्या दिवशी शिंगं रंगवून, झूल घालून, वाजतगाजत मिरवायचं. वर्षात एक दिवस हात थांबवायचा आणि त्याच हाताची पूजा करायची, हा डिसार्म मला मान्य आहे. चार सेकंदांत माणूस लोळवण्यापेक्षा हा कितीतरी बरा.

निवडणुकीचं तसं नाही. आचारसंहिता लागली की जिल्ह्यात सार्वत्रिक डिसार्म लागतो. २०२४ सालच्या लोकसभेला १६ मार्चला लागली, आमच्या मतदारसंघात २६ एप्रिलला मतदान झालं आणि ४ जूनला निकाल. या काळात नवं काम काढायचं नाही, नारळ फोडायचा नाही, फीत कापायची नाही. कोनशिला कागदाने झाकायच्या. परवान्याच्या बंदुका ठाण्यात जमा करायचे आदेश निघतात. आमच्या शेजारच्या काकांकडे वडिलांच्या वेळची एक बंदूक आहे. ती शेवटची कधी उडाली हे काकांनाही आठवत नाही. पण दर निवडणुकीला ते तिला जुन्या सोलापुरी चादरीत गुंडाळतात आणि स्कूटरवर मागे बसवून ठाण्यात सोडून येतात. परत येताना त्यांचा चेहरा मुलगी सासरी पाठवल्यासारखा असतो. काकू विचारतात, "चोर आला तर?" काका म्हणतात, "त्याला सांगू, आचारसंहिता आहे."

आता या काळात कुणाचा हात बांधला जातो ते नीट बघा. अजून सुरू न झालेल्या रस्त्यावर खडी टाकणाऱ्याचा. मंजुरीच्या कागदाची वाट बघणाऱ्याचा. नेत्यांचा साधा वार बंद असतो, म्हणजे नारळ. पण मंत्र चालू असतात. सकाळी गंगाखेड, दुपारी पाथरी, संध्याकाळी जिंतूर, रात्री सेलू. दिवसाला चार-चार सभा, आणि शक्ती संपत नाही. तोंडाला डिसार्म नाही, हा नियम डोटात आहे तसा लोकशाहीतही आहे.

हे सगळं मी भाच्याला ऐकवत होतो, रस्त्याने चालता चालता. आमच्या घराजवळच रेशन दुकान आहे. तिथे रांग होती आणि रांगेच्या तोंडाशी एक आजी. साठी केव्हाच ओलांडलेली, कपाळावर गोंदण, डोक्यावर पदर. अंत्योदयचं कार्ड, म्हणजे महिन्याला ३५ किलो धान्य. मशीनवर अंगठा ठेवायचा, जुळला की पावती निघते.

जुळेना. दुकानदार भला माणूस. त्याने ओल्या फडक्याने अंगठा पुसला, मग काच पुसली, मग म्हणाला, "आजी, दुसरं बोट लावा." दुसरं लावलं. तिसरं लावलं. डावा हात झाला. दर वेळी मशीन तोच आवाज काढी. मी तिच्या बोटांकडे बघितलं. पेरांवरच्या रेषा नव्हत्याच. खुरपं धरून, कापूस वेचून, ज्वारी काढून त्या झिजून गुळगुळीत झालेल्या, दगडी पायरीसारख्या.

"आजी, मी काय करू? मशीन म्हणतंय जुळत न्हाई."

आजी कमरेवर हात ठेवून उभी राहिली. तोंड चालू होतं, आणि चांगलंच चालू होतं. "आरं, ह्या अंगठ्यानं साठ वर्सं खुरपं धरलं! सगळ्या शिवाराला ठाव हाय ह्यो हात. आन् तुज्या त्या डबड्याला दिसंना व्हय?"

रांगेत हशा पिकला. मीही हसलो. भाचा मात्र हसला नाही. तो हळूच म्हणाला, "मामा, डिसार्म."

मग तो पुढे झाला. "आजी, कार्डावर अजून कुणाचं नाव हाय?"

"नातवाचं हाय की. हितंच असंल, किरकेट खेळत."

भाचा मैदानात गेला आणि दहा मिनिटांत सातवीतल्या एका पोराला घेऊन आला. घामेजलेला, बॅट बगलेत. त्याने चड्डीला अंगठा पुसला, काचेवर ठेवला. मशीनने एका झटक्यात मान्य केला. ज्या अंगठ्याने अजून खुरपं धरलेलं नव्हतं त्याची ओळख पटली, आणि जो झिजला त्याची पटली नाही. हा काही दुकानदाराचा दोष नव्हता. डिसार्म लावणारा नेहमीच दुसरीकडे कुठेतरी बसलेला असतो, फिलिपाइन्समध्ये म्हणा किंवा आणखी कुठे.

घरी येताना भाच्याने मला या खेळातली शेवटची गोष्ट सांगितली. नवखा खेळाडू डिसार्म झाला की माऊस बडवत बसतो. मुरलेला खेळाडू त्या चार सेकंदांत बटणाला हातच लावत नाही. तो आपल्या पाचांतल्या दुसऱ्याच्या मागे जाऊन उभा राहतो, कारण त्या वेळी त्याचा वार करणारा तोच असतो.

"मग तू परवा कामून बडवत होतास?"

"मी अजून नवखाच हाय, मामा."

रेशन दुकानातलं पुढचं तेवढं सांगायचं राहिलं. धान्य मोजून झालं. गव्हाची पिशवी नातवाने सायकलच्या कॅरियरला लावली. तांदळाचं पोतं त्याला उचलेना. दोनदा त्याने जोर लावला, तिसऱ्यांदा बॅट खाली ठेवून लावला. मग आजीने पदराची चुंबळ केली, पोतं डोक्यावर घेतलं आणि ती पुढे चालायला लागली.